प्रतिवादी पंगतीला

उद्धवराव गोठ्यात शिरले तेव्हा पांड्या बैल मान तिरकी करून उभा होता. त्यांनी खांद्यावर नुसता हात ठेवला, तर बैलाने अंग चोरलं. जू बसतं तिथे नारळाएवढी सूज आली होती.

"ऐकलंस का?" त्यांनी चुलीकडे तोंड करून हाक दिली. "पांड्याचा खांदा आला!"

"मग हळद गरम करून लावा की," रुक्मिणीबाई आतून म्हणाल्या. "माझ्या नावानं कशाला वरडताय?"

"अगं, परवा कमिशनर येतोय!"

बैलाच्या खांद्याचा आणि कमिशनरचा संबंध रुक्मिणीबाईंना चटकन लागला नाही. पण उद्धवरावांच्या डोक्यात महिनाभर तोच एक माणूस होता. खेडच्या दिवाणी कोर्टाने त्यांच्या आणि त्यांच्या चुलतभावाच्या दाव्यात एक वकील कमिशनर म्हणून नेमला होता. त्याने महाळुंग्याला येऊन बाभळीचा पट्टा डोळ्यांनी बघायचा आणि जे दिसेल ते कोर्टाला लिहून द्यायचं, असा हुकूम होता.

बाभळीचा पट्टा म्हणजे उद्धवरावांच्या आणि मालोजीच्या रानांमधला जेमतेम दीड एकराचा तुकडा. त्यात उद्धवरावांच्या घरची वर्षाची बाजरी निघायची. दोघांचे बाप सख्खे भाऊ. त्यांनी वाटणी केली ती तोंडी, ओट्यावर बसून, पान खाता खाता. कागदावर अजून आजोबांचंच नाव होतं. तलाठ्याच्या पीकपाहणीत एका वर्षी उद्धवचं नाव लागायचं, एका वर्षी मालोजीचं, आणि त्याचं कुणालाच काही वाटत नव्हतं. दोघं एकमेकांशी बोलत होते तोवर बाजरी कुणाची हे विचारायची गरजच पडली नव्हती.

मग पिंपरीला औषधांचा कारखाना उभा राहू लागला. तिकडच्या जमिनींना सरकारने भाव दिला म्हणे, अशी बातमी चाकणच्या कांद्याच्या बाजारात आली आणि तिथून बैलगाड्यांबरोबर गावोगाव गेली. तेव्हापासून लोक आपापल्या बांधांकडे जरा निरखून बघू लागले. त्याच साली उद्धवरावांनी पट्ट्यातली जुनी बाभूळ तोडून तिचं जू करून घेतलं. मालोजी चावडीवर म्हणाला, "बाभूळ माझी होती." उद्धवराव म्हणाले, "रान माझं, तर बाभूळ तुझी कशी?" मालोजी म्हणाला, "मग रानबी माझंच." एवढ्यावरून दोघं खेडला जाऊन पोचले. आधी उद्धवराव पोचले, म्हणून ते वादी झाले आणि मालोजी प्रतिवादी.

हा शब्द उद्धवरावांना फार आवडला होता. तीन महिन्यांनी मोठ्या असलेल्या ज्या भावाला त्यांनी जन्मभर 'दादा' म्हटलं, त्याला ते आता घरातसुद्धा 'परतिवादी' म्हणत. "परतिवाद्याची म्हैस आपल्या कडब्यात शिरली," असं ते सांगू लागले की रुक्मिणीबाई म्हणत, "म्हैस थोरल्या भाऊजींची हाय. तिनं काय कोर्टात कागद न्हाई दिला."

उद्धवरावांच्या वकिलांनी, अर्जुनरावांनी, सगळं नीट समजावून सांगितलं होतं. "तुमचा आजा काय म्हणाला, बाप काय म्हणाला, यात कोर्टाला रस नाही. आज वहिवाट कुणाची, ताबा कुणाचा, एवढंच बघायचंय. कमिशनर दुपारपर्यंत येतील. तेव्हा रानात तुमचा नांगर चालू दिसला पाहिजे. ताजी नांगरट म्हणजे ताबा. समजलं?"

समजलं होतं. पण चैत्रातलं ते रान तव्यासारखं तापून कडक झालं होतं. तसल्या काळ्या रानात लोखंडी नांगर चालवायचा तर दोन जोड्या लागतात. उद्धवरावांकडे एकच जोडी होती, आणि आता त्यातलाही एक बैल खांदा सुजून उभा होता.

"इर्जिक घालू या," ते म्हणाले.

कुणाचा नांगर अडला की गावाने आपापले बैल घेऊन यायचं आणि एका दिवसात रान उलथून द्यायचं. मजुरी नाही, भाडं नाही. ज्याचं रान, त्याने पोटभर जेवायला घालायचं. बोलावणं आलं की जायचंच, कारण आज ना उद्या प्रत्येकाच्या बैलाचा खांदा सुजतो. हा कायदा कुठल्या पुस्तकात नव्हता, म्हणून तो मोडायची पळवाटही कुणाला ठाऊक नव्हती.

संध्याकाळपर्यंत उद्धवराव स्वतः घरोघर सांगून आले. मालोजीचं दार तेवढं त्यांनी मान वळवून ओलांडलं. घरी आले तर ओट्यावर तांब्याचं भलंमोठं तपेलं लखलखत होतं. त्याच्या काठावर आजोबांचं नाव कोरलेलं होतं. उद्धवरावांनी ते लगेच ओळखलं.

"हे तपेलं कुठनं आलं?"

"कुठनं म्हंजे? आक्कांकडनं," रुक्मिणीबाई म्हणाल्या. मालोजीची बायको सुभद्राबाई ही त्यांची थोरली जाऊ. वाटणीत मोठी भांडी थोरलीकडे राहिली होती. "एवढ्या माणसांची आमटी काय मी तांब्यात करू?"

"आन् तू काय सांगितलंस तिला?"

"सांगायचं काय? म्हणले, आक्का, तपेलं द्या, परवा आमच्याकडं इर्जिक हाय."

"अगं, मग ते बोलावणंच झालं की!"

"झालंच," रुक्मिणीबाई शांतपणे म्हणाल्या. "घरातनं भांडं उचलून आणायचं आन् माणसाला बोलवायचं न्हाई, असं माझ्या माहेरी शिकवलेलं न्हाई. आक्का पुरण वाटायला येणार हायेत."

"त्यो येतोय कशाला," उद्धवराव म्हणाले. "परतिवादी हाय त्यो. त्येला लाज असंल की."

त्यांनी स्वतःचीच समजूत घातली आणि ते झोपले.

इर्जिकीच्या दिवशी उजाडताच पट्ट्यात बैलांच्या घुंगरांचा आवाज घुमला. गावातले जुनेजाणते सोपानराव आपली म्हातारी जोडी घेऊन आले, इतर घरांतले बैल आले. आणि सगळ्यांच्या मागून, तांबडं मुंडासं बांधून, आपली पांढरीशुभ्र खिल्लारी जोडी डुलवत मालोजी आला. जोडीमागे त्याचा स्वतःचा नांगर फरफटत येत होता.

सोपानरावांनी चिलीम खाली केली. "मालोजी, तू?"

"का? मला बोलावणं हाय," मालोजी म्हणाला. "भांडण खेडला हाय, इर्जिक गावात हाय. माझा बाप कुणाच्या इर्जिकीला चुकला न्हाई. मी कशाला चुकू?"

खिल्लारी जोडी गावात सगळ्यांत ताकदीची, तेव्हा ती पुढच्या नांगराला लागणार हे ठरलेलंच होतं. मालोजीचं जू जुनं होऊन चिरलं होतं. सोपानरावांनी उद्धवरावांचं नवं जू उचललं आणि मालोजीच्या बैलांच्या मानेवर ठेवलं. ज्या बाभळीवरून दावा लागला, तिचंच ते जू. मालोजीने त्याच्यावरून एकदा हात फिरवला आणि तो म्हणाला, "लाकूड चांगलं निघालं."

उद्धवरावांना तिथे थांबवेना. "मी चाकणला जातो," ते म्हणाले. "साहेबाला घेऊन येतो. वाट चुकायचा." त्यांनी धुतलेलं धोतर नेसलं, लग्नातला कोट घातला आणि ते सडकेने निघाले. मनात एकच हिशेब होता: साहेब दुपारी येणार. तोवर मालोजीच्या नांगराचं काम उरकेल, मग त्याला बैल सोडायला सांगू आणि नांगर आपण धरू.

चाकणच्या स्टँडवर त्यांनी खेडकडून येणारी प्रत्येक एस.टी. धूळ खाली बसेपर्यंत बघितली. कांद्याची पोती उतरली, कोंबड्यांच्या पाट्या उतरल्या, एक नवरीसुद्धा उतरली. कमिशनर काही उतरेना. शेवटी समोरच्या सायकलच्या दुकानातून इब्राहिमभाईंनी हाक मारली. "उद्धवराव, कोट घालून उन्हात कुणाची वाट बघताय?"

"कोर्टाच्या कमिशनरची."

"दिसायला कसाय?"

"कमिशनरसारखाच असंल की!"

"आता कमिशनर मी काय कधी पाहिला नाही," इब्राहिमभाई पंक्चरची ट्यूब पाण्यात दाबत म्हणाले. "पण पयल्या गाडीनं एक पोरगेला वकील उतरला होता. चष्मा, हातावर काळा कोट. माझी सायकल भाड्यानं घेऊन गेला तो."

"कुठं गेला?"

"म्हाळुंग्यालाच! सीट वर करून दिली मी. म्हटलं, साहेब, सडकेनं जाऊ नका, खडी पडलीये, ट्यूब जाईल. पाणंदीनं जा, सावली हाय."

उद्धवरावांचा चेहरा बघून इब्राहिमभाईंनी ट्यूब सोडून दिली. "काय झालं? चुकलं काय माझं?"

"तुमचं न्हाई चुकलं, इब्राहिमभाई. तपेल्याचं चुकलं," असं म्हणत उद्धवराव धोतराचा सोगा हातात धरून पळत सुटले.

मधल्या वेळात काय घडलं ते नंतर सोपानरावांनी त्यांना सांगितलं, आणि पुढची अनेक वर्षं सगळ्या गावाला सांगितलं.

कमिशनर तरुण होता. आधी बी.एस्सी. आणि मग वकिली झालेला. त्याने सायकल बांधाला टेकवली, चष्मा पुसला आणि सगळ्या रानावरून सावकाश नजर फिरवली. मग तो नांगराने पाडलेल्या ताज्या तासात उतरला, एक ढेकूळ उचलून त्याने ते फोडून बघितलं. आतली माती अजून ओलसर होती. "आजचीच नांगरट," तो स्वतःशी म्हणाला. तो सरळ पुढच्या नांगरापाशी गेला.

"नाव?"

"मालोजी."

"प्रतिवादी मालोजी?"

"व्हय."

"हा नांगर कुणाचा?"

"माझा."

"बैल?"

आता हा प्रश्न मालोजीला विचारायला नको होता. बैलांचा विषय निघाला की त्याला दावा, कोर्ट, वकील काही आठवत नसे. त्याची छाती फुगली. "माझे! साहेब, चाकणच्या बाजारात जाऊन इचारा, असली जोडी दुसरी हाय का. या डावीकडच्याला तर..."

"पुरे," साहेब म्हणाला आणि त्याने लिहून घेतलं.

सोपानराव पुढे झाले. "साहेब, आमी सगळी उद्धवच्या इर्जिकीला आलोय."

"मला ऐकायला पाठवलेलं नाही, बाबा," साहेब नम्रपणे म्हणाला. "बघायला पाठवलंय."

उद्धवराव पोचले तेव्हा सगळा पट्टा मोजून, त्याचा नकाशा काढून तो पेनला टोपण लावत होता. कोट पाठीला चिकटलेला, एक वहाण हातात, अशा अवतारात ते त्याच्यासमोर उभे राहिले.

"साहेब, रान माझं हाय!"

"असेल. पण नांगर त्यांच्या हातात आहे."

"त्यो इर्जिकीला आलाय!"

साहेबाला खरोखरच कुतूहल वाटलं. त्याने इर्जिक म्हणजे काय ते शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग तो म्हणाला, "म्हणजे ज्या माणसाशी तुमचा या रानावरून दावा चालू आहे, तो माणूस स्वतःचे बैल, स्वतःचा नांगर घेऊन, फुकट, तुमच्यासाठी हेच रान नांगरायला आलाय?"

"व्हय."

"का?"

"बोलावलं म्हणून!"

साहेबाने त्यांच्याकडे जरा दयेने बघितलं. "उद्धवराव, मी शास्त्राचा विद्यार्थी. दिसतं ते लिहितो. बाकीचं तुम्ही कोर्टात शपथेवर सांगा."

"बरं, निदान जेवून तरी जावा."

"पक्षकाराच्या घरी मला जेवता येत नाही."

"मग दुसऱ्या कुणाकडं?"

"आज गावात दुसरी चूल पेटली न्हाई, साहेब," सोपानराव म्हणाले. "इर्जिक म्हणतात ती हीच."

साहेब विहिरीवर गेला. पाण्याचा पोहरा ओठाशी नेताना थांबून त्याने विचारलं, "ही विहीर वादी किंवा प्रतिवादी यांची नाही ना?" ती गावाची होती. मग पोटभर पाणी पिऊन तो उपाशीपोटी सायकलवर बसला आणि पाणंदीने दिसेनासा झाला.

पंगत बसली. यजमानाने पानापाशी उभं राहून प्रत्येकाला आग्रह करायचा, ही रीत. उद्धवराव ओळीने आग्रह करत गेले आणि मालोजीच्या पानाशी येऊन अडले. "घे अजून एक," ते त्याच्या मुंडाशाकडे बघत म्हणाले. मालोजीही पोळीकडे बघत म्हणाला, "वाढ." आमटीचा पहिला भुरका मारताच पंगतीतल्या सगळ्यांनी एकमेकांकडे बघितलं. आमटीत मीठ नव्हतं. रुक्मिणीबाईंना वाटलं होतं आक्कांनी घातलं, आक्कांना वाटलं होतं रुक्मिणीने घातलं. पण दुसऱ्याच्या घरच्या अन्नाला नाव ठेवायची पद्धत नव्हती, म्हणून सगळ्यांनी पुन्हा पुन्हा मागून ती आमटी संपवली.

चार दिवसांनी खेडला अर्जुनराव वकिलांनी कमिशनरचा अहवाल वाचला आणि कपाळाला हात लावला.

"उद्धवराव, मी म्हणालो होतो नांगर चालू दिसू दे. कुणाचा ते सांगायचं राहिलं का माझं?"

"न्हाई साहेब."

"अहो, प्रतिवादीला बोलावून नांगर त्याच्या हातात दिलात तुम्ही! आता मी न्यायाधीशांना काय सांगू?"

"मी न्हाई बोलावलं. बायको तपेलं आणायला गेली होती."

"तपेलं!" वकिलांनी डोळे मिटले. पट्टा गेला, हे त्यांच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होतं. उद्धवरावांना आपली रिकामी कणगी दिसायला लागली. त्या भरात ते बोलून गेले, "आन् वर आमच्याच घरी पाच-सहा पोळ्या चेपून गेला!"

अर्जुनरावांनी डोळे उघडले. "काय म्हणालात? जेवला?"

"जेवल्याबिगर कसा जाईल? इर्जिकीला आला तर जेवणारच."

"तुमच्या घरी?"

"मग कुणाच्या? ज्याचं रान त्येचं जेवण."

अर्जुनरावांनी दोन चहा सांगितले. आजवर त्यांनी अशिलाला चहा पाजल्याचं कुणी बघितलं नव्हतं.

कोर्टाने 'जैसे थे'चा हुकूम दिला होता, म्हणून त्या पावसाळ्यात पट्ट्यात कुणीच पेरलं नाही. गावाने एवढं सुरेख नांगरून दिलेलं रान, त्यात कमरेएवढं गवत माजलं. बांधाच्या या बाजूने उद्धवराव ते बघत आणि हळहळत, त्या बाजूने मालोजी बघे आणि हळहळे. दोघं एकाच वेळी बांधावर आले की दोघंही आभाळाकडे बघत.

दिवाळीनंतर साक्षीचा दिवस आला. आदल्या दिवशी गावात बातमी फुटली, की मालोजीच्या वकिलाने त्याला पढवलंय: इर्जिकीचं नाव काढायचं नाही, आणि जेवलात का विचारलं तर नाही म्हणायचं.

"संपलं," उद्धवराव म्हणाले. "परतिवादी न्हाई म्हणून मोकळा व्हणार."

"थोरले भाऊजी खोटं बोलत्याल," रुक्मिणीबाई भाकरी थापत म्हणाल्या. "पण कुठवर बोलत्याल, ते बघायचं."

दोघी जावा एकाच गाडीतून खेडला आल्या आणि कोर्टात मागच्या बाकावर एकमेकींना चिकटून बसल्या. मालोजी पिंजऱ्यात उभा राहिला. त्याने शपथ घेतली, मुंडासं सारखं केलं. त्याच्या वकिलाने विचारलेल्या प्रश्नांना त्याने पाठ केलेली उत्तरं घडाघडा दिली. रान माझं, नांगर माझा, बैल माझे. बैलांविषयी तो आणखी सांगणार होता, पण न्यायाधीशांनी थांबवलं.

मग अर्जुनराव उठले.

"मालोजीराव, त्या दिवशी रानात गावातले आणखी लोक होते?"

"होते."

"त्यांना मजुरी कुणी दिली?"

"मजुरी कशाची? इर्... असंच. आले होते."

"दुपारी ते सगळे कुठं जेवले?"

"उद्धवकडं."

"तुमचं रान नांगरलं आणि जेवले उद्धवकडं?"

"त्येंचं त्यास्नी ठावं."

"आणि तुम्ही?"

मालोजीने आपल्या वकिलाकडे बघितलं. "मी न्हाई जेवलो."

मागच्या बाकावर सुभद्राबाईंनी पदर तोंडाला लावला. उद्धवरावांनी मान खाली घातली. त्यांना आता कोर्टाची फरशी तेवढी दिसत होती.

"पंगतीला बसला होतात?"

"बसलो असंन. सगळे बसले म्हणून."

"बसलात, पण जेवला नाहीत," अर्जुनराव समजुतीच्या स्वरात म्हणाले. "म्हणजे तुमच्या भावजयीनं तुम्हाला वाढलंच नाही. भर पंगतीत एका माणसाचं पान रिकामं ठेवलं आणि उपाशी उठवलं. तशीच आहे का ती बाई?"

मालोजीचा चेहरा त्याच्या मुंडाशासारखा तांबडा झाला.

"ओ वकीलसाहेब, तोंड सांभाळून बोला! आमच्या घराण्यातली सून हाय ती! पंगतीतनं माणूस उपाशी उठवील? अहो, मी नगं नगं म्हणतोय तर पानात पोळी पडतीया, नगं म्हणतोय तर पडतीया! तूप किती वाढलं म्हणता? उठताना मला हात टेकून उठावं लागलं!"

"आणि आमटी?"

"आमटीत मीठ नव्हतं, पण त्येचं काय एवढं? कामाच्या घाईत राहतं."

न्यायाधीश साताऱ्याकडचे होते, इर्जिक त्यांना नवी नव्हती. त्यांनी लेखणी खाली ठेवली. "मालोजी, इर्जिकीत जेवण कोण घालतं?"

"ज्याचं रान, त्यो," मालोजी रागाच्या भरात बोलून गेला.

मालोजीच्या वकिलाने कागद गोळा करायला सुरुवात केली. मालोजी पिंजऱ्याचा कठडा धरून स्वतःशीच बोलल्यासारखं म्हणाला, "आता जेवलोय ते जेवलोयच की, साहेब."

पट्टा उद्धवरावांकडे राहिला. त्यांना वाटलं होतं, बाहेर पडल्यावर आनंदाने ओरडावं. पण कोर्टाच्या आवारातल्या चिंचेखाली मालोजी एकटाच वहाणेची वादी ओढत बसलेला दिसला, आणि ते तसेच गाडीकडे वळले. रुक्मिणीबाई मात्र गाडीत बसल्या त्या संतापूनच.

"एवढ्या माणसांत मीठ काढलं माझं!"

"अगं, त्येच्यामुळं रान राहिलं आपलं."

"रान राहिलं, पण माझी आमटी कोर्टात लिहिली गेली, त्येचं काय?"

पुढच्या चैत्रात एका सकाळी सुभद्राबाई दारात उभ्या राहिल्या. "रुक्मिणी, ते तपेलं दे गं माघारी," त्या म्हणाल्या. तपेलं वर्षभर इथेच राहिलं होतं, मागायला कुणी आलं नव्हतं, द्यायला कुणी गेलं नव्हतं. "उद्या आमच्याकडं इर्जिक हाय."

उद्धवराव ओट्यावर बसून ऐकत होते. पांड्याचा खांदा कधीच बरा झाला होता. काही सबब नव्हती.

दुसऱ्या दिवशी त्यांनी नांगर धरला तो पट्ट्याला लागूनच असलेल्या मालोजीच्या रानात. ऊन चढलं तशी जमीन तापली, ढेकळं गाडग्याएवढी निघू लागली, आणि मागून येणाऱ्या बैलांच्या घुंगरांचा आवाज त्यांच्या जोडीच्या घुंगरांत मिसळत राहिला. आज त्या जागी एकाच कारखान्याची लांबच लांब भिंत आहे आणि बांध कुठे होता ते कुणालाच दाखवता येत नाही. पण तेव्हा बांध होता, त्यावर बाभळीचं खोड होतं, आणि खोडावर बसून यजमान मालोजी पाणंदीकडे बघत होता.

"काय बघतोस?" उद्धवरावांनी नांगर न थांबवता विचारलं.

"सायकल येतीया का बघतोय," मालोजी म्हणाला. "आज कमिशनर आला तर हेबी रान तुझंच लिहून जाईल."

सोपानराव एवढे हसले की त्यांना ठसका लागला. उद्धवरावांना हसू दाबता येईना. ते तासाच्या टोकाला पोचले, बैल वळवले आणि पाठमोरे असतानाच म्हणाले, "पाणी आण, दादा. घसा सुकलाय."

दुपारी पंगत बसली. सुभद्राबाई आणि रुक्मिणीबाई दोघी वाढायला होत्या. उद्धवरावांनी आमटीचा पहिला भुरका मारला आणि त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. गेल्या साली दोघींनी मीठ घातलं नव्हतं. या साली, कुणी बोट ठेवायला नको म्हणून, दोघींनी घातलं होतं.

"भाऊजी," सुभद्राबाई पळी घेऊन समोर उभ्या राहिल्या, "आमटी कशी झालीया?"

उद्धवरावांनी तांब्याभर पाणी घटाघटा पिऊन घेतलं. मिश्या पुसल्या. "झ्याक झालीया, वैनी."

शेजारच्या पानाशी आग्रह करत असलेला मालोजी वळला आणि म्हणाला, "शपथेवर सांग."